भोपळा, ओट्स आणि लेबलवरचा एक शब्द



आज मी तुम्हाला एक पाककृती सांगणार आहे. लाल भोपळा आणि ओट्स यांचे बार. बार म्हणजे आपली वडीच, फक्त परातीत थापायच्या ऐवजी ओव्हनमध्ये भाजलेली. पण पाककृतीच्या आधी या बारमुळे माझी झालेली एक मोठी चूक सांगते. ती सांगितल्याशिवाय पाककृती सांगणं मला आता जमत नाही.

मी मूळची कोल्हापूरकडची. आमच्या गावात उसाशिवाय दुसरं काही दिसायचं नाही. काकांचं गुऱ्हाळ होतं. हंगाम सुरू झाला की शाळेतून थेट तिकडेच. काहिलीवर रस उकळायचा, मळी वर यायची, ती झाऱ्याने काढायची, आणि आम्हा पोरांना काकवीची वाटी मिळायची. गूळ कसा होतो हे मला पुस्तकातून शिकावं लागलं नाही. हे आत्ता का सांगतेय ते पुढे कळेल.

लग्न होऊन दिल्लीला आले, त्याला आता बावीस वर्षं झाली. पूर्व दिल्लीत एका सोसायटीत राहतो आम्ही. आल्यानंतर पहिल्याच महिन्यात भाजीवाल्याच्या गाडीवर माझी फजिती झाली. तो ओरडत होता, "सीताफल ले लो, सीताफल!" मी म्हटलं, वा, इथे सीताफळं मिळतात! धावत खाली गेले आणि सांगितलं, एक किलो दो. त्याने सुरी घेतली, भल्यामोठ्या लाल भोपळ्याची फोड कापली आणि माझ्या पिशवीत टाकली. दिल्लीत सीताफल म्हणजे लाल भोपळा. आपल्या सीताफळाला इकडे शरीफा म्हणतात. मी काही बोलले नाही. घरी आणून त्याचे आईसारखे घारगे केले. सासूबाईंना आवडले. त्या दिवसापासून भोपळा या घरात माझ्या बाजूचा झाला.

ओट्स फार नंतर आले. ओट्सना इकडे जई म्हणतात. पंजाब-हरियाणात रब्बीच्या हंगामात ती जनावरांच्या चाऱ्यासाठी लावतात. आमच्या शेजारी एक अंकल राहतात. रेल्वेतून निवृत्त, मूळचे हरियाणातल्या खेड्यातले. मी पहिल्यांदा त्यांना ओट्सचं काही खायला दिलं तेव्हा ते पोट धरून हसले. म्हणाले, "बेटा, ये तो हम भैंस को खिलाते थे!" पण खाल्लं सगळं. आणखी मागून घेतलं.

2020 सालच्या टाळेबंदीत बऱ्याच जणींनी केलं तेच मीही केलं. ओटीजी आणला, केक शिकले, बिघडवले, पुन्हा केले. एकदा घरात अर्धा भोपळा उरला होता आणि मुलगा घारगे नको म्हणत होता. मग भोपळ्याचा गर, ओट्स, गूळ, खजूर, अक्रोड, तूप असं सगळं एकत्र करून भाजलं. वड्या पाडल्या. दालचिनी आणि सुंठ होतीच. मजला सुगंधाने भरून गेला. शेजारच्या दोघींनी दार वाजवलं, आणि तिथून माझा छोटासा धंदा सुरू झाला.

मी रीतसर एफएसएसएआयची नोंदणी केली. तेव्हा वर्षाला 12 लाखांपर्यंत उलाढाल असलेल्या लहान व्यावसायिकांसाठी ती साधी नोंदणी होती, फी वर्षाला 100 रुपये. घरून पदार्थ विकणाऱ्या प्रत्येकीने ती करावी, अवघड नसते. नोंदणीचा क्रमांक डब्यावर छापायचा होता म्हणून मुलाने संगणकावर लेबल तयार करून दिलं. तो म्हणाला, आई, लोकांना आकर्षक वाटेल असं काहीतरी लिही. मी लिहिलं, "शुगर फ्री. डायबेटिक फ्रेंडली."

का लिहिलं? साखर घातली नव्हती म्हणून. गूळ होता. आणि मी गुळाच्या गावची. गूळ म्हणजे पौष्टिक, गूळ म्हणजे नैसर्गिक, हे लहानपणापासून मनात इतकं पक्कं होतं की मी खोटं लिहितेय असं मला क्षणभरही वाटलं नाही. सगळ्यात मोठी अडचण हीच. जाणूनबुजून फसवणारा माणूस निदान आपण काय करतोय ते ओळखून असतो. मी मात्र निर्धास्त होते.

त्या लेबलाने डबे भराभर संपले. दिवाळीत तर मला दोन दोन वाजेपर्यंत जागावं लागायचं.

अंकलना मधुमेह आहे, हे सोसायटीत सगळ्यांना माहीत होतं. आंटी गेल्यापासून ते एकटेच राहतात. मुलगी गुरुग्रामला, ती रविवारी येते. आंटी होत्या तोवर त्यांच्या चहातल्या साखरेवरही पहारा असायचा. आता अंकल आठवड्याला माझ्याकडून एक डबा नेऊ लागले. मला आनंद व्हायचा. वाटायचं, चला, गोड खायची सोय झाली बिचाऱ्यांची. मी डब्यात एखादा बार जास्तच टाकायची.

तीन-चार महिन्यांनी एका रविवारी त्यांची मुलगी आली. हातात एक वही होती. अंकलची साखर रोज मोजून त्यात लिहिलेली असते. रागावलेली नव्हती ती. तिने शांतपणे विचारलं, "दीदी, इसमें क्या-क्या डालती हैं आप?" मी मोठ्या हौसेने सांगितलं: भोपळा, ओट्स, अक्रोड, गूळ, खजूर. ती गुळापाशी थांबली. "कितना गुड़?" मी म्हटलं, एका ताटाला साधारण पाव किलो. मग तिने वही उघडून दाखवली. आकडे चढत गेले होते. एचबीएवनसी, म्हणजे साधारण तीन महिन्यांची सरासरी साखर सांगणारी तपासणी, तीही वाढलेली होती. डॉक्टरांनी विचारलं, खाण्यात काही बदल? अंकल म्हणाले होते, नाही, फक्त शुगर फ्री बार खातो. सकाळच्या चहाबरोबर दोन, संध्याकाळी दोन.

माझं तोंड उतरलं. पण खरं सांगते, पहिला विचार मनात आला तो स्वतःचा बचाव करायचा. चार कशाला खायचे? आणि गुळाने असं होईल का? अंकल बाहेर समोसे खात नसतील कशावरून? एकट्या माझ्या बारमुळेच साखर वाढली असं डॉक्टरही म्हणाले नव्हते. मी ते तोंडाने बोलले नाही, एवढंच.

ती गेल्यावर वजनकाटा काढला आणि कागद-पेन घेऊन बसले. त्या दिवशी जे गणित केलं ते तुमच्यासमोरही करते, कारण घरात गोड करणाऱ्या प्रत्येकाने ते एकदा करायला हवं.

माझ्या ताटात 240 ग्रॅम गूळ आणि 100 ग्रॅम खजूर. त्याचे 16 बार. म्हणजे एका बारमध्ये 15 ग्रॅम गूळ, चहाचे तीन चमचे. गुळात साखर किती? 100 ग्रॅम गुळात साधारण 85 ते 90 ग्रॅम साखरच असते. बाकी थोडं पाणी आणि थोडी खनिजं. खजुरातली साखर मिळवली तर एका बारमध्ये जवळजवळ 17 ग्रॅम साखर झाली. अंकल रोज चार खात होते. चार बारमध्ये गूळच बारा चमचे. आंटींनी चहात एक चमचा घालू दिला नसता, आणि मी शेजारधर्म म्हणून बारा घालत होते.

मग नियम वाचला. आपल्या देशात 2018 सालचे जाहिरात आणि दाव्यांविषयीचे नियम आहेत. त्यानुसार घन पदार्थावर "शुगर फ्री" लिहायचं तर 100 ग्रॅममध्ये जास्तीत जास्त अर्धा ग्रॅम साखर चालते. माझ्या बारमध्ये 100 ग्रॅमला 35 ग्रॅमच्या आसपास होती. सत्तर पट! "साखर घातलेली नाही" असं लिहिण्याचीही सोय नाही, कारण तिथे साखर म्हणजे फक्त पांढरी साखर नव्हे. गूळ, मध हे सगळं त्यातच येतं.

आणि मला काकांची काहील आठवली. रस तोच. त्यातलं पाणी आटवलं की गूळ होतो. त्याच उसाच्या रसापासून कारखान्यात साखर होते. गुळात थोडं लोह, थोडी खनिजं राहतात, चव तर फारच सुंदर असते, पण रक्तात जाऊन तो साखरेचंच काम करतो. हे मला लहानपणापासून माहीत होतं. डोळ्यांनी पाहिलं होतं. तरी मी ते लेबल लिहिलं.

संध्याकाळी अंकलकडे गेले आणि माफी मागितली. ते म्हणाले, "अरे बेटा, मैंने भी तो नहीं पूछा." या वाक्याने मला जास्तच लागलं. त्यांनी विचारलं नाही, कारण डब्यावर मी लिहिलं होतं.

आता प्रश्न होता, पुढे काय? बंद करायचं की नीट करायचं? मी नीट करायचं ठरवलं. पुढचे दीड महिने दर शनिवारी एक ताट भाजत होते. त्यातून जे हाती आलं, ते सांगते. लिहून घेणार असाल तर घ्या.

आधी भोपळा. आपल्या बाजारातला लाल भोपळा हा मूळचा अमेरिका खंडातला. तिकडे पायसाठी डब्यात बंद भोपळा मिळतो. त्यासाठी वापरला जाणारा एक प्रसिद्ध वाण आपल्या भोपळ्याच्याच जातीचा आहे. तेव्हा परदेशी डबा शोधत फिरू नका. साधारण 600 ग्रॅमची फोड आणा, गडद केशरी, घट्ट, जड. पाण्यात उकडू नका, इथेच बहुतेकांचे बार बिघडतात. भोपळ्यात 90 टक्क्यांच्या आसपास पाणी असतंच, उकडून त्यात आणखी भर पडते आणि मग बार चिकट, कच्चा लागतो. फोडी सालासकट ओव्हनमध्ये 200 अंशांवर 40 ते 45 मिनिटं भाजा. ओव्हन नको असेल तर कुकरमध्ये भांड्यात पाणी न घालता वाफवा. गर काढा, मऊ करा आणि कढईत मंद आचेवर कड सोडेपर्यंत परता. आपला हलवा करतो तसंच. शेवटी गर 250 ग्रॅम उरला पाहिजे. मोजून घ्या.

या परतण्यातच गोडव्याची गंमत आहे. पाणी गेलं की भोपळ्याची स्वतःची गोडी वर येते. म्हणून गूळ कमी करता आला. 240 वरून 100 ग्रॅमवर आले आणि खजूर काढूनच टाकला. त्याखाली गेले की बार कोरडा व्हायला लागतो, कारण गूळ ओलावाही धरून ठेवतो.

ओट्स 200 ग्रॅम, चपटे केलेले, म्हणजे रोल्ड ओट्स. झटपट शिजणारे, मसालेवाले नकोत. त्यातले 50 ग्रॅम मिक्सरमध्ये फिरवून पीठ करा, बाकी तसेच ठेवा. पूर्वी मी सगळे दळायची, बार दिसायला गुळगुळीत व्हायचा. पण धान्य जितकं बारीक, तितकी त्याची साखर रक्तात लवकर उतरते. ओट्सचा जो गुण सांगतात तो त्यांतल्या बीटा-ग्लुकन नावाच्या विरघळणाऱ्या तंतूमुळे. कोलेस्टेरॉल कमी व्हायला मदत होण्यासाठी तो दिवसाला 3 ग्रॅम पोटात जायला हवा असं धरतात, आणि 40 ग्रॅम ओट्समध्ये तो दीड ते दोन ग्रॅम मिळतो. एका बारमध्ये ओट्स आहेत साडेबारा ग्रॅम. हिशेब तुम्हीच करा. एक बार खाऊन हृदय सुधारत नाही. हेही मी पूर्वी गिऱ्हाइकांना सांगायची, आता सांगत नाही.

बाकी साहित्य: 60 ग्रॅम पातळ तूप, 50 ग्रॅम अक्रोड जाडसर तुकडे करून, एक मोठा चमचा जवसाची पूड तीन चमचे पाण्यात दहा मिनिटं भिजवून. जवस चिकट होतं आणि अंड्यासारखं मिश्रण बांधून ठेवतं. अर्धा चहाचा चमचा बेकिंग पावडर, पाव चमचा मीठ. मसाल्यात दालचिनी एक चमचा, सुंठ अर्धा, जायफळ पाव, दोन लवंगांची पूड. अमेरिकेत भोपळ्याच्या पायसाठी साधारण असाच तयार मसाला 1934 सालापासून डबीत विकला जातो. आपल्या डब्यात तो पिढ्यान्पिढ्या आहे. मीठ आणि दालचिनी विसरू नका, गूळ कमी असला तरी ही दोघं मिळून पदार्थ गोड भासवतात.

गर कोमट असतानाच गूळ त्यात विरघळवा, मग तूप आणि जवस. दुसऱ्या भांड्यात कोरडं एकत्र करा. दोन्ही मिसळा आणि पंधरा मिनिटं झाकून ठेवा, ओट्सना पाणी प्यायला वेळ द्या. 8 इंची चौकोनी टिनला बेकिंग पेपर लावा, मिश्रण सारखं पसरा, वर दोन चमचे भोपळ्याच्या बिया. आधी तापवलेल्या ओटीजीत, दोन्ही सळ्या चालू ठेवून, मधल्या जाळीवर 180 अंशांवर साधारण अर्धा तास. काडी घालून बघू नका. भोपळा ओला असतो, काडी फसवते. कडा टिनपासून सुटल्या आणि मध्ये बोटाने दाबल्यावर जागा परत वर आली की झालं.

आणि आता सर्वांत अवघड काम: वाट बघायची. टिनमध्येच तास-दीड तास पूर्ण गार करा, जमलं तर नंतर तासभर फ्रिजमध्ये. गरम कापलात तर भुगा होतो, मग तो आइस्क्रीमवर घालावा लागतो. उभे चार, आडवे चार, 16 बार. दिल्लीच्या थंडीत बाहेर दोन दिवस टिकतात. पावसाळ्यात मात्र दुसऱ्याच दिवशी बुरशी धरलेली मी पाहिली आहे, तेव्हा फ्रिजमध्येच, चार-पाच दिवस.

आता या नव्या बारचा हिशेब. वजन 40 ग्रॅमच्या आसपास, उष्मांक साधारण 140, सगळे मिळून कर्बोदकं 16 ग्रॅम, त्यात साखर सुमारे 6 ग्रॅम. पूर्वीच्या जवळजवळ एक तृतीयांश. तरीही नियमाप्रमाणे याला "लो शुगर" म्हणता येत नाही, त्यासाठी 100 ग्रॅममध्ये 5 ग्रॅमच्या आत असावी लागते आणि माझ्याकडे ती 15 आहे. हा गोड पदार्थ आहे. थोडा बरा गोड पदार्थ. यापलीकडे काही नाही.

लेबल बदललं. त्यावर आता साहित्य वजनासकट आहे. खाली लिहिलंय: "यात गूळ आहे. एका बारमध्ये साखर सुमारे 6 ग्रॅम. मधुमेह असल्यास डॉक्टरांना विचारून खा."

परिणाम काय झाला? विक्री कमी झाली, चांगलीच. जुन्या गिऱ्हाइकांपैकी एकीने तोंडावर सांगितलं, "पहले वाला ही अच्छा था, वो शुगर फ्री था." तिला समजावून सांगितलं की त्यात याच्या जवळजवळ तिप्पट साखर होती. तिला पटलं नाही. तिला बार नको होता, मन मोकळं ठेवून खायची परवानगी हवी होती, आणि ती माझ्या लेबलाने दिली होती. मुलगाही म्हणाला, आई, सगळेच लिहितात गं. मी म्हटलं, लिहू देत. आपल्या शेजारी अंकल राहतात.

मंडळी, सणासुदीला घरगुती पदार्थांचे कितीतरी डबे तुमच्याकडे येतात. गुळाचे लाडू, खजुराच्या वड्या, मधातल्या चिक्क्या. आणणारीचा हेतू चांगलाच असतो, माझाही होता. तुम्ही फक्त एवढंच विचारा: यात गोड काय घातलंय, आणि किती? आणि तुम्ही स्वतः करत असाल, तर कोणी विचारायच्या आधीच सांगा.

अंकलची साखर आता ताब्यात आहे. डॉक्टरांनी औषध बदललं, मुलीने स्वयंपाकाला बाई लावली, ते रोज फिरायलाही जातात, तेव्हा श्रेय माझं नाही. त्यांना आता आठवड्यातून दोनदा, फिरून आल्यावर, एक बार चालतो. ते एक बार घेतात आणि उरलेला डबा खाली गेटवरच्या रखवालदारांना वाटून टाकतात. पण डबा हातात आला की आधी चष्मा लावतात, लेबल माझ्यासमोर मोठ्याने वाचतात. सगळं वाचून झालं की विचारतात, "पक्का छह ग्राम?"

मी म्हणते, "पक्का, अंकल. तोला है."